खलनायकाचा पत्ता

खलनायकाला घर असतं ही गोष्ट मला लहानपणी फार अजब वाटायची. नायकाला घर असतं ते ठीक आहे. त्याला आई असते, ती वाट बघत असते, गाजर का हलवा वगैरे असतो. खलनायकाला मात्र 'अड्डा'. तोही बहुतेक वेळा समुद्रातल्या बेटावर. 'शान'मधला शाकाल बेटावर राहायचा, 'मिस्टर इंडिया'मधला मोगँबोही बेटावरच. आमच्या ढोकीपासून समुद्र शेकडो किलोमीटर लांब, त्यामुळे आपल्या तालुक्यात कुणी मोठा खलनायक राहणं शक्य नाही, अशी आम्हा पोरांची पक्की समजूत होती. किरकोळ होते, पण ते सगळ्यांना ठाऊक होते. त्यांना शोधायला कशाला जायचं, संध्याकाळी स्टँडवरच भेटायचे :)

आज्जीच्या गोष्टीतला राक्षस याच्याही पुढचा. तो स्वतः राजवाड्यात राजरोस राहायचा, पण त्याचा जीव सात समुद्रांपलीकडच्या एका झाडावर टांगलेल्या पिंजऱ्यातल्या पोपटात. म्हणजे घर एकीकडे आणि जीव दुसरीकडे. (पुण्यात नोकरी लागल्यावर ह्या राक्षसाबद्दल मला जरा आपुलकी वाटायला लागली, ते असो.)

आणि महाभारतातला दुर्योधन. अठरा दिवसांचं युद्ध संपलं, सैन्य संपलं, भाऊ संपले, तेव्हा हा एकटा चालत द्वैपायन सरोवरापाशी गेला आणि मायेनं पाणी थिजवून त्यात लपून बसला. पांडवांना त्याचा पत्ता लागेना. पत्ता लावला कुणी, तर भीमाला मांस पुरवणाऱ्या पारध्यांनी. अश्वत्थामा, कृप आणि कृतवर्मा काठावर उभे राहून पाण्यातल्या दुर्योधनाशी बोलत होते ते त्यांनी ऐकलं आणि बक्षिसाच्या आशेनं जाऊन सांगितलं. एवढं मोठं युद्ध, आणि त्याचा शेवट असा कुणीतरी चार पैशांसाठी दिलेल्या पत्त्यावर. मला ह्या प्रसंगात दुर्योधनापेक्षा त्या पारध्यांचंच जास्त कुतूहल वाटत आलंय. नंतर त्यांचं काय झालं असेल?

हे सगळं परत डोक्यात यायचं कारण म्हणजे आमची लेक आणि तिच्या मोबाईलवरचा, खरं म्हणजे माझ्या मोबाईलवरचा, पोकेमॉन गो.

हा खेळ काय आहे ते बहुतेकांना माहीत असेल, तरी थोडक्यात सांगतो. २०१६ च्या जुलैमध्ये तो परदेशात आला आणि त्याच वर्षी डिसेंबरात जिओशी हातमिळवणी करून भारतात. घरात बसून खेळायचा हा खेळ नाही. फोनमध्ये नकाशा दिसतो आणि तो आपल्याच गावाचा असतो. आपण चाललो की नकाशातलं बाहुलं चालतं. वाटेत पोकेमॉन नावाचे प्राणी भेटतात, ते चेंडू टाकून पकडायचे. ठिकठिकाणी निळे 'पोकेस्टॉप' असतात, तिथं जाऊन चकती फिरवली की चेंडू मिळतात. २०२३ पासून हिंदीतही आहे. मराठीत नाही, पण लेकीचं त्यावाचून काही अडत नाही.

ह्यात खलनायकही आहेत. २०१९ साली आले. टीम गो रॉकेट. हे लोक पोकेमॉन पळवतात, त्यांची मनं काळी करतात (डोळे लाल होतात, अंगाभोवती जांभळ्या ज्वाळा दिसतात) आणि पोकेस्टॉप बळकावून बसतात. निळा स्टॉप काळपट होऊन थरथरायला लागला की समजायचं, इथं कुणीतरी घुसलंय. ही झाली साधी चिल्लीपिल्ली. त्यांच्यावर तीन सरदार, क्लिफ, सिएरा आणि आर्लो. त्यांच्याही वर जोव्हानी नावाचा मालक. सरदार असे उघड्यावर भेटत नाहीत. एका चिल्ल्याला हरवलं की एक गूढ सुटा भाग मिळतो. असे सहा भाग जमले की त्यांचं मिळून 'रॉकेट रडार' होतं. ते चालू केलं की मग आसपासचे सरदारांचे छुपे अड्डे नकाशावर दिसतात. अड्डा आधीपासून तिथं असतो की रडार चालू केल्यावर तिथं येतो, ह्यावर आमच्या घरी एक मोठा वाद झालेला आहे.

पुण्यात हे सगळं सोपं जातं. आमच्या सोसायटीपासून दूध आणायच्या अंतरात सात-आठ स्टॉप आहेत. गणपती मंदिर, बागेतलं कारंजं, एक भिंतीवरचं चित्र, आणखी एक गणपती मंदिर. लेकीनं तिथं तिन्ही सरदारांना कितीदा तरी धूळ चारलीय. गावाकडं आलं की मात्र नकाशा रिकामा. करडा रस्ता, हिरवी जमीन, मध्ये तिचं बाहुलं उभं. दोन-चार स्टॉप, तेही दूर दूर. "बाबा, इथे काहीच नाहीये," हे ती दर सुट्टीत म्हणते आणि दर वेळी मला ते खेळाबद्दलच आहे हे स्वतःला बजावून सांगावं लागतं.

असं का असतं ते मी एकदा शोधून वाचलं. खेळ बनवणाऱ्या नायँटिक कंपनीचा ह्याच्या आधीचा एक खेळ होता, इनग्रेस नावाचा. त्यातल्या खेळाडूंनी आपापल्या भागातली देवळं, पुतळे, जुन्या खुणा फोटो काढून पाठवल्या आणि त्याच पुढे पोकेमॉनचे स्टॉप झाल्या. म्हणजे जिथं तेव्हा तसले फोन आणि ते खेळणारी माणसं होती तिथं नकाशा भरला. जिथं नव्हती तिथं देवळं असूनही नाहीत. आमच्या भागात देवळांची टंचाई आहे असं कुणी म्हणणार नाही. आणि खलनायक स्टॉपवरच मुक्काम टाकतो, सबब स्टॉप नाही तिथं खलनायकही नाही. बेटांची जुनी समजूत काही अगदीच चुकीची नव्हती तर.

ह्याच्यावर एक तोडगा मात्र निघालाय. २०२० मध्ये सगळं जग घरात कोंडलेलं असताना खेळवाल्यांनी रॉकेटवाल्यांना फुगे दिले. मांजराच्या तोंडाचा एक मोठा फुगा दिवसातून काही वेळा आपल्या डोक्यावर येऊन तरंगतो, तुम्ही कुठंही असा. आपल्याला अड्ड्यापर्यंत जाता येत नाही म्हणून खलनायकच घरपोच. गावाकडच्या पोरांची त्यानं चांगली सोय झाली. रडार चालू असेल तर सरदारसुद्धा फुग्यातून येतो. पण आमच्या लेकीला ते मंजूर नाही. फुग्यातला सरदार म्हणजे पाहुणा, त्याला हरवण्यात काय, असं तिचं म्हणणं. त्याच्या घरी जाऊन हरवायचं. अकराव्या वर्षी तत्त्वं फार कडक असतात.

२०२५ च्या दिवाळीला आम्ही ढोकीला गेलो तेव्हा तिच्याकडे पाच भाग जमलेले होते.

ती दिवाळी कशी होती हे मराठवाड्यातल्या माणसाला सांगायला नको. सप्टेंबरात पावसानं कहर केला होता. परंड्याकडं लोकांना पाण्यातून बाहेर काढायला एनडीआरएफची पथकं आली होती. आमच्याकडं घरं वाचली, पण सोयाबीन गेलं. आबांचं सव्वातीन एकर काढणीला आलेलं होतं. पाणी आठवडाभर उभं राहिलं आणि शेंगा झाडावरच उगवल्या. फोनवर आबा म्हणाले होते, "हाय तसंच हाय समदं, तुम्ही या." आम्ही गेलो तर खरंच सगळं होतं तसंच. करंज्या होत्या, कानवले होते, आईनं चिवडा केलेला होता. खळं तेवढं मोकळं होतं.

माझ्या मनात ह्या खेपेला आबांशी बोलायचं होतं. दोघांनी पुण्याला यावं, निदान उन्हाळ्यापर्यंत तरी. आबा अठ्ठ्याहत्तरचे आहेत. गुडघे धरलेत. दर फोनवर ते मला पावसाचं सांगतात आणि मी त्यांना पगाराचं सांगत नाही, असं आमचं चाललेलं असतं. बोलायला म्हणून मी तीनदा त्यांच्याजवळ जाऊन बसलो आणि तीनही वेळा आम्ही बाजारभावावर बोलून उठलो.

नरकचतुर्दशीला सकाळी आबा लेकीला शेतात घेऊन गेले. मागं मीही गेलो. आबांना हरभऱ्यासाठी वापसा आलाय का ते बघायचं होतं. बांधावर बसून लेक आबांना खेळ समजावून सांगत होती. आबांना फोनवरचा नकाशा नवा नाही. ई-पीक पाहणी सुरू झाल्यापासून दर हंगामात शेतात उभं राहून पिकाचा फोटो काढायचा आणि ॲपमध्ये चढवायचा, हे ते तालुक्यातल्या चार माणसांना शिकवू शकतील इतकं त्यांना येतं. शेताच्या गटापासून लांब गेलं की ॲप कुरकुरतं, हे त्यांना पाठ आहे. म्हणून त्यांनी नेमका प्रश्न विचारला.

"म्हंजी हितं आपुन उभं ऱ्हायलो की त्याला कळतं आपुन हितं हाव म्हणून?"

"हो."

"आन हे श्यात?"

"शेत नाही कळत आबा. शेत म्हणजे नुसतं हिरवं."

आबांनी फोन हातात घेऊन बघितलं. सगळीकडं सारखं हिरवंगार, गुळगुळीत. समोर प्रत्यक्षात काळा चिखल आणि कुजलेल्या सोयाबीनचा वास. "लई झ्याक पीक आलंय की ह्याच्यात," म्हणाले, आणि फोन परत दिला. ते हसले म्हणून लेकही हसली.

तेवढ्यात फुगा आला. खरंच. आबांच्या शेतावर तो मांजरतोंडा फुगा तरंगायला लागला आणि लेक बांधावरून ओरडत उठली. चिल्ला निघाला, हरला, आणि सहावा भाग मिळाला. रडार तयार. आबांना तिनं सगळी लढाई दाखवली. चालू केल्यावर मात्र आसपास अड्डा एकही नाही.

पुढचे दोन दिवस घरात रडारचा जप चालला होता. लक्ष्मीपूजन झालं. पाडव्याला, २२ ऑक्टोबरला, आबाच म्हणाले, "तेरला जाऊ. तितं असंल. मोठं गाव हाय, जुनं हाय." खलनायक जुन्या आणि मोठ्या गावातच राहत असणार, हा त्यांचा अंदाज खेळ कसा भरला गेलाय ते वाचून काढणाऱ्या माझ्यापेक्षा काही वेगळा नव्हता.

ढोकीहून तेर म्हणजे मोटारसायकलवर अर्धा तासही नाही. आम्ही मोटार घेतली, आबांच्या गुडघ्यांमुळे. खेळ मध्येमध्ये विचारत होता, तुम्ही फार वेगानं जाताय, गाडी चालवताय का? लेक दर वेळी इमानदारीत 'मी प्रवासी आहे' दाबत होती.

तेर म्हणजे जुनं तगर. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक खलाशी-पोथीत, पेरिप्लसमध्ये, ह्या गावाचं नाव आहे. पैठणहून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर, जिथून कापड भडोचच्या बंदराकडे जातं ते मोठं शहर, असं. म्हणजे कुणा परक्या माणसाच्या नकाशावर आमचा हा भाग एकदा ठळकपणे होता. गोरोबाकाकांचं हे गाव, त्यामुळे आमच्याकडच्या माणसाला तेर म्हटलं की आधी गोरा कुंभारच आठवतात, रोमन व्यापार नाही. लामतुऱ्यांनी आयुष्यभर गोळा केलेल्या वस्तूंचं संग्रहालय आहे, ते मात्र बघाच. आम्हाला तेव्हा बघायला वेळ नव्हता, कारण गावात शिरता शिरता लेकीनं "आहे! आहे!" म्हणून मागून माझा खांदा धरला.

अड्डा होता. सिएरा नावाची बाई.

जागा कुठली ते नेमकं सांगत नाही, पण साधी होती, रस्त्याच्या कडेची. खेळाचे नियम असे आहेत की कुणाचं खासगी घर स्टॉप होऊ शकत नाही, लहान मुलांची शाळा होऊ शकत नाही. म्हणजे ह्या खेळातला खलनायक कधीच कुणाच्या घरात घुसत नाही. तो देवळापाशी, पुतळ्यापाशी, बागेत, कमानीखाली, जिथं सगळ्यांना जाता येतं तिथंच लपतो. हे मला तिथं उभं राहिल्यावर पहिल्यांदा सुचलं. लपायला चव्हाट्यासारखी जागा नाही, हे ज्यानं कुणी ठरवलं त्याला माणसं चांगली कळत असणार.

आम्ही तिघं रस्त्याच्या कडेला उभे. सणाचा दिवस, लोक नव्या कपड्यांत जात-येत होते. एका म्हाताऱ्या बाईनं आबांना विचारलं, "कुनाकडं आलाव?" आबा म्हणाले, "हितंच, ह्या पोरीचं जरा काम हाय." बाईनं लेकीच्या हातातला फोन बघितला आणि मान हलवली. पंचनाम्याचा फोटो काढायला आलेत असं तिला वाटलं असावं, कारण पुढं तिनं स्वतःहून तिच्या रानात किती पाणी होतं ते सांगायला सुरुवात केली. आबा तिच्याशी बोलत राहिले.

सरदाराशी लढाई तीन विरुद्ध तीन असते. आपल्याला दोन ढाली, सरदारालाही दोन. लेक पहिल्यांदा हरली. दुसऱ्यांदा हरली. हरलं तरी रडार जात नाही, पुन्हा लढता येतं. तिसऱ्यांदा तिनं पोकेमॉनांचा क्रम बदलला आणि शेवटच्याच्या अंगात जेमतेम धुगधुगी असताना जिंकली. उडीच मारली तिनं. मग तो जांभळ्या ज्वाळांचा प्राणी चेंडूंनी पकडला, त्याला खेळात 'सोडवणं' म्हणतात. फोन आबांना दाखवला. काळपट स्टॉप आता निळा झाला होता.

आबांनी बराच वेळ बघितलं. "गेली?"

"गेली!"

"मंग आता ती कुटं ऱ्हानार?"

लेक गप्प झाली. हा प्रश्न तिला पुण्यात कुणी विचारला नव्हता. मीही विचारला नव्हता. "दुसरीकडे जाते," ती जरा वेळानं म्हणाली. "मग परत सहा भाग जमवायचे, परत शोधायचं."

"म्हंजी तिला घरच न्हाई म्हन की. हुसकलं की चालली पुढं." आबांनी हे काही दुःखानं म्हटलं नाही, वस्तुस्थिती समजून घेतल्यासारखं म्हटलं, पण मी रस्त्याच्या दुसऱ्या बाजूला बघायला लागलो.

तिथून आबा आम्हाला त्रिविक्रमाच्या देवळात घेऊन गेले. पाडवा आहे, त्याला भेटून जाऊ, म्हणाले.

हे देऊळ बघितलं नसेल तर जरूर बघा. विटांचं आहे, दगडाचं नाही, आणि पाठीमागून अर्धगोल. वर हत्तीच्या पाठीसारखं छत. अजिंठा-कार्ल्याची चैत्यगृहं पाहिली असतील तर तोच आकार, फक्त डोंगरात कोरलेला नाही तर जमिनीवर उभा बांधलेला. मूळचा बौद्ध चैत्य असावा असं अनेक अभ्यासक म्हणतात. वय दीड हजार वर्षांच्या आसपासचं धरतात. आता आत त्रिविक्रम आहे, म्हणजे वामन मोठा झाल्यावरचं रूप, पाय वर उचललेला.

लेकीनं विचारलं, पाय का वर केलाय? आबांनी गोष्ट सांगितली. सगळ्यांना माहीत असलेलीच. बळी राजा, प्रल्हादाचा नातू, मोठा दानशूर. बटू आला, तीन पावलं जमीन मागितली. गुरू शुक्राचार्य सांगत होते देऊ नको, यानं दिली. दोन पावलांत पृथ्वी आणि आकाश संपलं, तिसरं कुठं ठेवू म्हटल्यावर यानं डोकं पुढं केलं. गेला पाताळात.

"म्हणजे बळी व्हिलन होता?"

"न्हाई माय. राजा होता."

"मग हा व्हिलन आहे?" तिनं गाभाऱ्याकडं बोट केलं. मी तिचं बोट खाली केलं.

आबा हसले. "द्येव हाय त्यो."

"पण आबा, एक कोणीतरी व्हिलन असणारच ना."

आता ह्यावर मी तिला महात्मा फुल्यांचं 'गुलामगिरी' सांगू शकलो असतो. १८७३ सालचं पुस्तक, त्यात फुल्यांनी ही गोष्ट नेमकी उलटी धरली, बळी हा इथल्या रयतेचा राजा आणि वामन हा फसवून आत शिरलेला. केरळात ओणमला महाबळी दरवर्षी आपली प्रजा बघायला घरी येतो आणि लोक त्याच्यासाठी फुलांच्या रांगोळ्या घालतात, तेही सांगू शकलो असतो. मी नेहमी असलं काहीतरी सांगतो. पण आबा सांगत होते ते जास्त चांगलं होतं. त्यांनी सांगितलं की पाताळात बळीला सुतळ नावाची जागा दिली, चांगली जागा, आणि ज्यानं त्याला ढकललं तोच देव तिथं त्याच्या दाराशी राखण करत उभा राहिला. अजून उभा आहे.

लेकीनं विचार केला. "म्हणजे त्याचं घर आहे."

"हाय की."

"आणि पत्ता माहितीये."

"समद्यास्नी म्हाईत हाय," आबा म्हणाले.

परत येताना गाडीत लेक झोपली. मी गाडी चालवता चालवता एकदाचं बोललो. पुण्याला चला म्हणून. उन्हाळ्यापर्यंत. डॉक्टर चांगले आहेत, लिफ्ट आहे, खाली बाग आहे, आईला वरचेवर गुडघ्यांचं... आबांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "हरभरा टाकायचा हाय. इस तारखेच्या आत पडला पायजे." मी म्हटलं, हरभरा झाल्यावर. ते म्हणाले, "मंग येळवस येती." येळवस म्हणजे वेळ अमावस्या. आमच्या धाराशिव-लातूरकडं त्या दिवशी सगळं गाव रानात जेवायला जातं. कडब्याची कोप करतात, आत मातीचे पांडव मांडतात, भज्जी आणि आंबील असते. तो दिवस सोडून आबा पुण्यात लिफ्टनं खाली-वर करतील हे मलाही खरं वाटत नव्हतं. मी जास्त ताणलं नाही. धरलं असतं तर आले असते कदाचित, आणि मग मला दर रोज संध्याकाळी त्यांना बागेतल्या बाकावर बघावं लागलं असतं.

संध्याकाळी आईनं अंगणात शेणाचे पांडव मांडले होते, त्यांच्यावर झेंडूची फुलं खोवली होती. आबा पाटावर बसले, मी बसलो. आई ओवाळताना दर वर्षी म्हणते तेच म्हणाली, इडा पिडा टळो, बळीचं राज्य येवो. लहानपणापासून ऐकतोय. सगळ्या पिकाचा चिखल झालेल्या वर्षी ते ऐकताना आई नेमकी कुणाला बोलावतेय हे पहिल्यांदा कानात शिरलं. लेकीच्याही शिरलं असावं. ती आबांच्या कानाशी जाऊन काहीतरी पुटपुटली आणि आबांनी मान डोलावली. काय म्हणाली ते दोघांनीही सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी, भाऊबीज उरकून निघायच्या आधी, लेकीनं नवं खूळ काढलं. खेळाडूंना स्वतः नवीन स्टॉप सुचवता येतात. फोटो काढायचा, नाव द्यायचं, दोन ओळी माहिती लिहायची, मग दुसरे खेळाडू तपासतात आणि ठरवतात. तिला आबांचं घर सुचवायचं होतं. मी सांगितलं, घर चालत नाही. मग शेत? शेतही चालणार नाही. तिथं 'काहीतरी' पाहिजे, बघण्यासारखं. "शेतात बघण्यासारखं काही नाही?" असं तिनं मला अशा स्वरात विचारलं की मी चहा प्यायला आत गेलो.

आबांनीच मार्ग काढला. पारापाशी एक जुना वीरगळ आहे, शेंदूर फासलेला, निम्मा मातीत गेलेला. खालच्या चौकटीत माणूस लढताना, वर पिंडीची पूजा करताना. लहानपणी आम्ही त्याच्यावर बसून बोरं खायचो. लेकीनं चारी बाजूंनी फोटो काढले. माहितीच्या जागी काय लिहू म्हणून आबांना विचारलं. कोण होता हा माणूस? आबा म्हणाले, "नाव कुनाला म्हाईत न्हाई. गावाची गुरं राखताना पडला आसं म्हनत्यात." तिनं तेवढंच लिहिलं, इंग्रजीत. मी शुद्धलेखन तपासून दिलं. नकाशावर खूण कुठं ठेवायची ते आबांनी बोटानं दाखवलं, आणि बोट जाड असल्यामुळे खूण दोनदा विहिरीत पडली.

"आता हितं येईल का ती?" आबांनी विचारलं. ती म्हणजे सिएरा.

"मंजूर झालं तर येईल."

"येऊ दे. तुला परत यायला पायजे मंग, हुसकायला."

त्या सुचवणीचं काय झालं ते अजून कळलेलं नाही, अशा रांगा मोठ्या असतात म्हणे. मधल्या काळात नायँटिकनं हा खेळच स्कोपली नावाच्या दुसऱ्या कंपनीला विकून टाकलेला आहे. तो सौदा २०२५ च्या मे महिन्यातच पुरा झाला, पण नकाशावर त्यानं काही फरक पडलेला दिसत नाही. लेक दर दोन दिवसांनी मेल उघडून बघते. हरभरा मात्र टाकला आबांनी, तारखेच्या आत. उगवून आल्यावर त्यांनी फोटो पाठवला, तोच, ई-पीक पाहणीसाठी काढलेला. काळी जमीन, त्यात बारीक हिरव्या ओळी, आणि कोपऱ्यात आबांच्या चपलेचा अंगठा आलेला.